हळदीचं पातळ

लोकांना वाटतं, ड्रेपरीच्या दुकानात वाढलेली पोर म्हणजे केवढी नशीबवान! नाटकाचे कपडे भाड्याने देणारं घर, म्हणजे मुकुट काय, शालू काय, तलवारी काय, रोजचीच जत्रा. मुलाखत घ्यायला येणारी पोरं डोळे मोठे करून विचारतात, "मॅडम, ही जादू लहानपणापासूनच घरात होती ना?" जादू! डोंबलाची जादू. आमच्या घरात वास होता. परक्या पुरुषांच्या घामाचा, विडीचा, खोबरेल तेलाचा, दाढीमिशा चिकटवायच्या गोंदाचा, आणि या सगळ्यांवर उतारा म्हणून टाकलेल्या डांबरगोळ्यांचा. मखमल धुता येत नाही, जरीची असली तर मुळीच नाही. ती नुसती उन्हात टाकायची आणि पुढच्या गावाला द्यायची. एकाच अंगरख्यात कितीतरी गावांचे राजे घामेजून गेलेले असत. जळगावच्या उन्हाळ्यात पत्र्याच्या ट्रंकेतून ती मखमल बाहेर काढली की घशाशी यायचं. आजही कुणी "रंगभूमीची सेवा" म्हणालं की मला आधी तो वास येतो, आणि मग त्या माणसाचं बोलणं ऐकवत नाही.

दुकान पुढे, घर मागे आणि मधे अंगण. शाळांची गॅदरिंगं संपली की गावोगावच्या जत्रा सुरू व्हायच्या आणि ट्रंका जायच्या-यायच्या. परत आलेल्या ट्रंका उघडायचं काम मायचं आणि माझं. काय काय निघायचं त्यांतून! सेनापतीच्या चिलखताला आतून पानाची पिंक. राणीच्या चोळीत छातीसाठी कोंबलेल्या चिंध्या, ओल्या, बुरशी धरलेल्या. टोपांत उवा. एकदा ऋषींच्या दाढीत उंदीर व्यालेला, लाल लाल पिल्लं वळवळत होती. माझी माय असोद्याची, शेतकऱ्याघरची. ती ते सगळं निमूट झाडायची, ओकारीचे डाग नखाने खरवडायची आणि म्हणायची, "हे मानसं हायेत का डुकरं, व माय!" मी एकदा त्या पिंकेवरच ओकले. मायने माझ्या पाठीवरून हात फिरवला आणि म्हणाली, "ओक, ओक. अन् मंग तेबी पूस." एवढीच काय ती माया करायला तिला वेळ होता.

पण सगळ्या ट्रंका सारख्या नव्हत्या. पोलीस, राक्षस, राजे, सावकार यांच्या ट्रंकेला कुणीही हात लावावा. एक ट्रंक मात्र वेगळी, झाकणावर कुंकवाचं स्वस्तिक काढलेली. ती देवांची पेटी. मुकुट, पितांबर, देवीची पातळं त्यात. तिला आंघोळ करूनच हात लावायचा, आणि बाईने महिन्याच्या त्या चार दिवसांत तिच्या सावलीलाही जायचं नाही. कावळा शिवला की मी नि माय अंगणाच्या कोपऱ्यात गोणपाटावर, वेगळा तांब्या घेऊन. आता गंमत बघा. त्या देवांच्या पेटीतला पितांबर कुठल्यातरी गावचा देव दारू पिऊन ओकून खराब करून पाठवायचा. ती ओकारी धुवायची मायनेच. देवाची ओकारी विटाळत नाही, बाई विटाळते! मी हे एकदा आबांना, म्हणजे माझ्या वडलांना, तोंडावर विचारलं. ते तंबाखूला चुना लावत होते. डबी खटकन बंद करून म्हणाले, "जास्त शहाणपणा करू नको. गिऱ्हाईक विचारतं, म्हणून आपण पाळतो." आबा दुष्ट नव्हते. आम्हाला कधी हात लावला नाही, भाकरीआधी "तुम्ही जेवल्या का?" म्हणून विचारायचे. पण त्यांचा देव गिऱ्हाईक होता, आणि गिऱ्हाइकाचा देव गिऱ्हाइकाला ठाऊक.

तरी मला ते काम आवडायचं, हे कबूल केलं पाहिजे. वास आवडायचा नाही, माणसं आवडायची नाहीत, पण कापड आवडायचं. ज्वारी-उडदाच्या कळण्याची भाकरी नि ठेचा हातावर घेऊन मी मशीनशेजारी बसायचे. पायाखाली पट्टा घरघरायचा, समोर नुसतं कापड असायचं आणि संध्याकाळपर्यंत त्यातून माणूस उभा राहायचा. बारावीपर्यंत मला अंगरखा, बाराबंदी, शिवलेलं नऊवारी, सगळं कापता यायला लागलं होतं. त्याच वर्षी आमचे शिंपी जास्त पगारावर सुरतेला गेले आणि आबांच्या दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू उतरला. सुईत दोरा ओवायला ते मला हाक मारायचे आणि वर चिडायचे. तेवढ्यात मामाने वरणगावला नोकरीला असलेल्या एका मुलाचं स्थळ आणलं. मुलगा चांगला होता म्हणे. त्याच्या घरी शिवणयंत्रही होतं, "ब्लाऊजबिऊज शिवत बसेल," असं मामा म्हणाला. मी आबांपुढे जाऊन उभी राहिले आणि म्हटलं, "मला दुकान द्या. मला लग्न नको." आबांनी हातातली सुई कापडात टोचून ठेवली. मग म्हणाले, "नानांचं नाटक घे. सगळे कपडे तुझे. नानांनी स्वतःहून विचारलं, की हे कोणी केलं, तर मी वरणगावला नकार कळवतो. नाही विचारलं, तर मुकाट्याने बोहल्यावर उभं राहायचं." मी हो म्हटलं. माझं सगळं आयुष्य एका माणसाच्या एका प्रश्नावर टांगलेलं होतं, आणि मला वाटलं, केवढा सोपा सौदा.

हे नाना म्हणजे धुळ्याच्या पुढच्या एका गावचे बडे शेतकरी. गावाचं नाव घेत नाही, तिथून अजून लग्नपत्रिका येतात. जत्रेला ते दरवर्षी गावदेवीचं नाटक बसवायचे, लिहायचेही तेच. त्यांचा एक हट्ट होता. देवीचं पातळ हळदीत रंगवलेलंच पाहिजे, बाजारच्या रंगातलं चालणार नाही. मला तो हट्ट मनापासून पटला, मात्र वेगळ्या कारणाने. बाजारचा पिवळा हॅलोजनच्या उजेडात हिरवट, आजारी दिसतो. हळदीचा पिवळा त्याच उजेडात उबदार होतो, पिकलेल्या गव्हासारखा. मी अंगणात तुकडे रंगवून, शेजारच्या मंडपवाल्याचा हॅलोजन मागून आणून बघितले होते. तुरटीत भिजवून तीन वेळा रंग दिला, सावलीत वाळवलं. माय म्हणाली, "साबनाचा हात लावू नको त्याले, लाल होईन." हे तिने सांगायची गरज नव्हती. हळदीच्या डागाला साबण लागला की तो लाल होतो, आणि लिंबू पिळलं की परत पिवळा, हे भांडी घासणारी कुठलीही पोर जाणते. आबाही जाणत होते, त्यांचा जन्म रंगाच्या पातेल्यापाशी गेला होता.

नाटकाच्या दिवशी मी नि आबा ट्रंका घेऊन सकाळच्या एसटीने निघालो. दुपारी नानांच्या ओसरीवर कपडे मांडले. देवी होणारा सुपडू पिठाच्या गिरणीवाला, दाढी केलेली, छाती केसाळ, तोंडाला दारूचा भपकारा दुपारीच. विडी कानावर ठेवून तो म्हणाला, "नेसाड वं बहीन, लवकर. माले झोप ई ऱ्हायनी." मी त्याला नेसवून बघितलं, निऱ्या टाचल्या, काढून घेतलं. आणि तेव्हाच माझ्या पोटात कळ आली. आठवडाभर आधी. मी नानांच्या बायकोला, अक्कांना, बाजूला घेऊन कानात सांगितलं. अक्का गोऱ्यापान, मऊ बोलणाऱ्या. "थांब माय, देस," म्हणाल्या, जुन्या धोतराचा स्वच्छ तुकडा आणून दिला, वर गरम चहा दिला. आणि त्याच पावली जाऊन नानांना सांगून आल्या. मला त्या चहाची चव अजून आठवते, आलं घातलेलं होतं.

नाना ओसरीवर आले ते मिशा थरथरवतच. "पातयले कोनी हात लाया?"

"मीच," मी म्हटलं. "मीच शिवलं, मीच रंगवलं, आत्ता मीच नेसवून बघितलं."

"आबा, तुमनी पोर बाहेरनी शे, नि तुम्ही देवीना पातयले हात लावू दिना?"

आबा म्हणाले, "चुकलं, नाना. आम्हाला माहीत नव्हतं. काय ते शुद्ध करून घ्या." काय चुकलं होतं? तो सुपडू तिथेच खांबाला टेकून ढेकर देत होता, दारूचा वास ओसरीभर पसरलेला होता. त्याला कुणी शुद्ध करायला निघालं नाही.

गोठ्याच्या कोनाड्यातून गोमूत्राची बाटली आली. कुठल्यातरी पूजेची शिल्लक, कितीतरी दिवसांची, बूच काढताच डोळ्यांत झोंबली. गावच्या भटजींनी नागवेलीच्या पानाने ते शिंतोडे माझ्या पातळावर उडवले, एकदा, दोनदा, मंत्र म्हणत. माझ्या ध्यानात आलं आणि मी ओरडणार तोवर उशीर झाला होता. पिवळ्याधमक पातळावर जिथे जिथे थेंब पडला तिथे तिथे लाल फुटलं. गडद, तांबडं, कडा पसरत जाणारं. जुनं गोमूत्र म्हणजे साबणाचाच भाऊ, दुसरं काय होणार! पण ओसरीवर एकच किंकाळी उठली. "रगत! देवीना पातयवर रगत!" बायका तोंडावर पदर घेऊन मागे सरल्या. कुणीतरी रडायलाच लागली, "देवी कोपनी व माय, देवी कोपनी!"

मी ओरडून सांगितलं, "अहो, रक्त कुठलं? हळद आहे ती! साबण लागल्यावर होते तशी लाल झाली. तुम्ही रोज बघता ना घरी?" मी अक्कांकडे बघितलं, त्यांच्या सुनांकडे बघितलं. ओसरीभर बायका होत्या. त्यांच्यातल्या एकूण एकीने जन्मभर हळदीचे डाग धुतले होते, लग्नातली पिवळी धोतरं धुतली होती. एकीच्या जरी तोंडून "हो, होतं असं" निघालं असतं! अक्का जमिनीकडे बघत राहिल्या. आबांकडे बघितलं. आबांनी नजर चुकवली. त्या क्षणी मला जी किळस आली ना, तशी त्या उंदराच्या पिल्लांची आली नव्हती.

"चूप बस, पोरी," नाना म्हणाले. "पहिले नाक घास देवीपुढे."

मी हलले नाही. तेव्हा आबांनी माझ्या मानेवर हात ठेवला. जोर नव्हता त्यात, नुसता हात. "कुमे, घास," ते हळू म्हणाले. "प्रयोग बुडेल." प्रयोग बुडाला तर नाना काय विचारणार, आणि नानांनी विचारलं नाही तर माझं काय होणार, हे मला कळत होतं. मी शेणाने सारवलेल्या जमिनीला नाक घासलं. जमिनीवरही त्या बाटलीतले थेंब पडलेले होते. उठले, पदराने नाक पुसलं आणि म्हटलं, "लिंबू आणा."

लिंबू म्हटल्याबरोबर सगळ्यांचे चेहरे उजळले. उताऱ्याला लिंबू लागतंच! कुणी किती, कुणी किती, लिंबांचा ढीग आला. मला जवळ येऊ दिलं नाही, गोठ्याच्या दाराशी बसवलं. मी तिथून सांगत होते, "पाण्यात पिळा. बोळ्याने टिपा, घासू नका," आणि आबा करत होते. डाग एकेक करून विरले, पिवळा रंग परत आला. मला वाटलं, आता तरी कळेल या लोकांना. डोळ्यांदेखत झालंय. आणि नानांनी दोन्ही हात जोडून डोळे मिटले. "शांत व्हयनी! आई शांत व्हयनी! नारय फोडा रे!" बायकांनी ओवाळायला ताटं आणली. नाना, तो एवढा मोठा माणूस, माझ्या बापाच्या पाया पडला. आबांनी त्याला उठवलं, क्षणभर माझ्याकडे बघितलं आणि मग आपल्याच दुकानातल्या भाड्याच्या पातळापुढे हात जोडून उभे राहिले.

पदरावर दोन डाग राहिले होते. आबा बोळा घेऊन तिकडे वळले तर नाना म्हणाले, "त्या ऱ्हाऊ द्या, आबा. देवीनी निशानी शे." आबांनी बोळा खाली ठेवला.

प्रयोग मी पाहिला नाही. नाटक शाळेच्या पटांगणात होतं, मला मागच्या व्हरांड्यात बसवलं होतं. एका मुलीने पत्रावळीवर शेवभाजी नि भाकरी आणून दुरून सरकवली. पलीकडे टाळ्या, शिट्ट्या, "देवी माता की जय" चालू होतं. ज्या रंगासाठी मी हॅलोजन मागून आणला, तीन वेळा पातेलं चढवलं, तो रंग त्या उजेडात कसा दिसला ते मला आजतागायत माहीत नाही. पुढे मी मोठमोठ्या नाटकांचं नेपथ्य केलं, कपडे केले, नाव छापून आलं. पण पहिल्या कामाचं विचाराल तर मी तुम्हाला फक्त आवाज सांगू शकते.

घरी आल्यावर मी आबांना विचारलं, "वरणगावला काय कळवताय?"

"नानांनी कुठे विचारलं, कोणी केलं म्हणून?" आबा म्हणाले. "ते म्हणाले, देवीने करून घेतलं." असं म्हणताना त्यांच्या चेहऱ्यावरची सुरकुतीसुद्धा हलली नाही. माय चुलीपाशी होती. तिने हातातली भाकरी तव्यावर इतक्या जोराने आपटली की ती मधोमध फाटली.

ते पातळ आता जागृत झालं होतं. आबांनी ते देवांच्या पेटीतही ठेवलं नाही, दुकानात काचेच्या कपाटात ठेवलं, समोर उदबत्ती. पदरावरचे डाग फिके पडायला लागले की आबा तंबाखूच्या डबीतला चुना अंगठ्यावर घेऊन तिथे हळूच टेकवायचे. हळदीला चुना लागला की होतं ते कुंकूच, पुन्हा लाल. गिऱ्हाइकं चपला काढून आत यायची. "हेच का ते?" म्हणून विचारायची. मी मशीनवर पोलिसांच्या खाकी चड्ड्या शिवत ते ऐकायचे. इकडे मामाने सुपारी फोडायचा दिवसही सुचवला.

महिना झाला असेल. मी कोपऱ्यात गोणपाटावर बसलेली होते, आणि आबा अंगणातून थेट माझ्याकडे आले. त्या चार दिवसांत ते आमच्या बाजूला बघायचेसुद्धा नाहीत. "कुमे, ऊठ," म्हणाले. शिरपूरकडचं एक गाव आणि चोपड्याकडचं एक गाव, दोघांनी एकाच दिवसासाठी जागृत पातळ मागितलं होतं. आबांनी दोघांना हो म्हटलं होतं. "तसंच एक अजून रंगवायचंय. संध्याकाळी न्यायला येतील."

"मला अडचण आहे, आबा."

"असू दे. चालतं."

"देवीचं आहे ना ते?"

"अगं, देवीचं अजून कुठे झालंय? आत्ता तर नुसतं कापड आहे."

मी त्यांच्या तोंडाकडे बघतच राहिले. माझा बाप इतका हुशार आहे हे मला तोवर ठाऊक नव्हतं. मी उठले नाही. मग त्यांनी मायला हाक मारली, "तू रंगव." माय दारातूनच म्हणाली, "मले नाही जमत. जिचं काम तिले इचारा." उभ्या संसारात मायने त्यांना दिलेला हा पहिला नकार. आबांनी स्वतःच पातेलं चढवलं. हळद किती, तुरटी किती, दिसेना. उतू गेलं, हात भाजला, शिव्या घातल्या, पातेल्याला. शेवटी ते माझ्यासमोर उकिडवे बसले. "काय पाहिजे तुला?"

"वरणगावला नकार कळवा. आत्ता. दुकानाच्या मुलाला सायकलवर मामाकडे पाठवा. मग उठते. आणि नेणाऱ्यांना सांगा, की हे माझ्या पोरीने केलंय."

आबा म्हणाले, "पहिलं करतो. दुसरं सांगितलं तर मग नेतील कशाला?"

मुलगा सायकल घेऊन असोद्याच्या रस्त्याला लागला, ते मी दारात उभी राहून बघितलं, आणि मगच पातेल्याला हात घातला. भर दुपारी, अंगणाच्या मधोमध, पाळीच्या दुसऱ्या दिवशी, मी देवीचं पातळ रंगवलं. कुणी बाटली आणली नाही, कुणी पान आणलं नाही. वाळल्यावर चुन्याने पदरावर दोन डागही मीच टाकले. खरं सांगते, पहिल्यापेक्षा सुरेख जमले होते. लोक म्हणतात, पहिलं काम आठवलं की डोळे भरून येतात. मला मळमळतं, पण दुकान मिळालं आणि त्या दुकानातूनच मी पुढे गेले, हेही तितकंच खरं.

दिवस मावळायच्या आत शिरपूरकडची माणसं आली. त्यांच्यातल्या म्हाताऱ्याने पातळ आधी कपाळाला लावलं, मग डोक्यावर घेतलं. निघता निघता त्याच्या मनात काय आलं कोण जाणे, उंबऱ्यात थांबून त्याने विचारलं, "आबा, येले कोन्हा बाईमानूसना हात तं नही ना लागना?"

"छे, छे!" आबा म्हणाले. "कोणाचाच नाही."

मी त्यांच्या बाजूलाच उभी होते. माझे दोन्ही हात कोपरापर्यंत पिवळे होते. मी ते पदराआड घेतले नाहीत, चांगले पुढे धरून उभी राहिले. म्हाताऱ्याने माझ्या हातांकडे बघितलं, आबांकडे बघितलं, आणि "जय माता दी" म्हणून तो पायरी उतरला.